आधी गाव विचार

प्रिय बाळ,

तुझं पत्र तीनदा वाचलं. इंग्लंडमधल्या बेडफर्ड गावातल्या चौदा इटालियन आजी-आजोबांशी बोललीस, पण कुणाचं कुणाशी जुळत नाही, 'इटालियन समाज' हे प्रकरण उभंच राहत नाही, म्हणून सगळं सोडावंसं वाटतंय. मग तुझी प्रश्नावली काढून बघितली. वय, शिक्षण, पगार, आल्याचं साल. गाव सतराव्या नंबरवर! अगं, एसटीत शेजारी कुणी बसलं तर आपण पहिलं काय विचारतो?

1951 पासून इथल्या वीटभट्ट्यांसाठी दक्षिण इटलीतून माणसं आणली, चार-चार वर्षांच्या करारावर. भट्टीच्या कागदावर सगळे 'इटालियन'. पण कुणी काम्पानियातल्या मोन्तेफाल्चोनेचा, कुणी मोलीझेतल्या बुस्सोचा, कुणी सिसिलीतल्या सांतान्जेलो मुक्सारोचा. एकाने भावाला बोलावलं, भावाने मेहुण्याला. गिरणगावात गावागावाच्या खोल्या होत्या, तसंच. त्यांच्या घरात शाळेतली इटालियन नव्हती, गावची बोली होती. तुझ्या मुलाखती आधी गावाप्रमाणे लाव, मग न जुळण्याबद्दल बोलू.

मला हे फार उशिरा कळलं. एका आजींकडे गेलो होतो. टोमॅटोचा हंगाम होता. स्वयंपाकघरभर बाटल्या, आणि आजी प्रत्येक बाटलीत रस ओतण्याआधी बेसिलचं एक पान टाकत होत्या. बोलणं अखंड चाललेलं, त्यांच्या बोलीत. मी नुकताच भाषेचा कोर्स केलेला. त्यांना थांबवून म्हटलं, "जरा नीट इटालियनमध्ये सांगा, टेप चालू आहे." त्यांनी हात पुसले, खुर्चीत ताठ बसल्या आणि मास्तरांपुढे उभं राहून बोलावं तशा बोलल्या. देश चांगला आहे. काम मिळालं. मुलं शिकली. चाळीस मिनिटांची टेप आहे, आणि त्यात आजी कुठेच नाहीत. पुन्हा जाऊ, पुन्हा जाऊ म्हणत वर्ष गेलं. गेलो तेव्हा दार उघडायला दुसरंच कुटुंब आलं.

त्यानंतर मी प्रत्येक मुलाखत बोलीतच घेतली. एका संस्थेने 'समजत नाही' म्हणून काम परत पाठवलं, पैसे थांबवले. मी एक ओळ बदलली नाही. हट्टी म्हणतात मला, म्हणू देत. मेक्सिकोतल्या चिपिलोत 1882 साली उत्तर इटलीतल्या व्हेनेतो प्रांतातून, मुख्यतः सेगुसिनो गावातून, माणसं गेली. त्यांचे वंशज आजही व्हेनेतोची बोली बोलतात. तिथे शुद्ध इटालियनचा आग्रह धरून कोण काय घेऊन येणार होतं? मी चुकलो नव्हतो, बाळ. आधी गाव, मग त्या गावची बोली, आणि समाज-बिमाज त्यानंतर.

"मला धड बोलता येत नाही" म्हणून तुला टाळणारे ते आजोबा, त्यांच्याकडेच आधी जा. नव्वदीतला माणूस आहे, पुढच्या सत्राची वाट बघू नकोस. प्रश्नावली घरी ठेव. त्यांच्या गावाचा मोठा नकाशा छापून ने, टेबलावर पसर आणि घर कुठं होतं ते विचार. बोलीतलं कळलं नाही तरी मध्ये थांबवू नकोस, नंतर त्यांच्या मुलीला घेऊन बसू.

माझं रेकॉर्डर घेऊन जा. बॅटऱ्या कालच बदलल्यात.

तुझा,
काका