आळस हा स्थायिभाव होऊ शकतो का?

विचारणा अशी आहे : ‘आळस हा त्याचा स्थायीभाव आहे’, ‘संघर्ष हा तिच्या आयुष्याचा स्थायीभाव होता’ अशी वाक्ये वर्तमानपत्रांत नेहमी दिसतात. संस्कृत रसचर्चेत, म्हणजे नाटक-काव्याच्या आस्वादाच्या विचारात, रसाच्या मुळाशी असलेल्या भावाला स्थायिभाव म्हणतात. त्याच्याशी या वापराचा काही संबंध आहे का? आणि शब्द ‘स्थायीभाव’ असा लिहायचा की ‘स्थायिभाव’?

आधी आळसाचेच घेऊ, कारण हे उदाहरण नेमके चुकीच्या रांगेत उभे आहे. भरतमुनीच्या ‘नाट्यशास्त्र’ या प्राचीन संस्कृत ग्रंथात सहावा अध्याय रसांचा आणि सातवा भावांचा. तिथे एकूण भाव ४९ : स्थायी ८, सात्त्विक (घाम, रोमांच, अश्रू असे अंगावर उमटणारे) ८ आणि व्यभिचारी ३३. ‘आलस्य’ आहे ते या ३३ मध्ये, म्हणजे येणाऱ्या-जाणाऱ्यांत. ते कशाने येते हेही भरत सांगतो : खेद, आजार, गर्भारपण, श्रम, पोटभर जेवण. याच यादीत त्याने ‘स्वभाव’ हेही एक कारण दिले आहे. नटाने आलस्य दाखवायचे तर कोणत्याच कामाला हात घालायचा नाही, बसून किंवा पडून राहायचे, पेंगायचे. अपवाद एकच, जेवणाचा. म्हणजे आळस हा एखाद्याचा स्वभाव असू शकतो, हे भरताला पूर्ण मान्य आहे. तरीही तो त्याला स्थायींमध्ये बसवत नाही. स्वभाव वेगळा आणि स्थायिभाव वेगळा, हे इथेच दिसते.

स्थायी आठ : रति, हास, शोक, क्रोध, उत्साह, भय, जुगुप्सा, विस्मय. यांनाच स्थायी का म्हणायचे, याची सर्वांत उपयोगी कसोटी मला अभिनवगुप्ताची वाटते. इ.स. १००० च्या आसपास काश्मीरमध्ये होऊन गेलेल्या या आचार्याने नाट्यशास्त्रावरच्या ‘अभिनवभारती’ या टीकेत ती दिली आहे. ‘हा गळून गेला आहे’ असे म्हटले की ऐकणारा लगेच विचारतो, ‘कशाने?’ पण ‘राम उत्साहशक्तीने युक्त आहे’ असे म्हटले की तसे कोणी विचारत नाही. ज्या भावाला ‘कशाने?’ हा प्रश्न चिकटतो, तो कारणाबरोबर येतो आणि कारण सरले की मागमूस न ठेवता जातो. उत्साहाचे तसे नाही. हातातले काम उरकले की तो विरल्यासारखा दिसतो, पण संस्कार म्हणून मागे उरतो, कारण दुसरे काम पुढे असतेच. या चित्तवृत्तींच्या वासनेवाचून, म्हणजे मनात मुरलेल्या संस्कारावाचून, प्राणीच नसतो, असे अभिनवगुप्त म्हणतो. कोणात एखादी जास्त, कोणात कमी, एवढाच फरक.

वर्तमानपत्री वाक्यातला ‘त्याचा’ हा शब्द खटकतो तो म्हणूनच. स्थायिभाव एकट्याची मालमत्ता नसतो. तो सर्वांमध्ये आधीपासून असतो, म्हणून तर एकमेकांना अनोळखी असलेल्या प्रेक्षकांपर्यंत एकच प्रसंग पोचतो.

दुसरा मुद्दा टिकण्याचा. दहाव्या शतकात माळव्यात धनंजयाने ‘दशरूपक’ लिहिले. त्यात स्थायीची व्याख्या आहे ती अशी : विरुद्ध किंवा अनुकूल भावांनी जो तुटत नाही, उलट त्यांनाच आपल्या रूपाला आणतो, तो स्थायी, जणू लवणाकर. मिठागरात पडेल ते खारट होते, तसे. स्थायीचे टिकणे असे इतरांना पचवणारे असते. शृंगारात शंका येते, असूया येते, चिंता येते, लटका राग येतो, आणि प्रत्येक जण रतीची चव घेऊनच परततो. नुसते वर्षानुवर्षे एकसारखे राहणे म्हणजे स्थायित्व नव्हे.

म्हणून ही आठ नावे पाठ करून काम भागत नाही. हास हा हास्यरसाचा स्थायी, पण शृंगारात तोच संचारी, म्हणजे व्यभिचारी, होऊन येतो. निर्वेद, म्हणजे विरक्ती, ३३ व्यभिचारींच्या यादीत अगदी पहिला. ‘काव्यप्रकाश’ लिहिणारा मम्मट मात्र त्यालाच शांत या नवव्या रसाचा स्थायी मानतो. कोण कोणाच्या घरी आला आहे, हे प्रत्येक रचनेत नव्याने पाहावे लागते. ज्ञानेश्वरांनी ज्ञानेश्वरीच्या अकराव्या अध्यायाच्या आरंभी हे फार सुंदर सांगितले आहे : शांताच्या घरी अद्भुत पाहुणा आला आणि बाकीच्या रसांनाही त्याच्या पंगतीत मान मिळाला. विश्वरूपदर्शनाचा अध्याय विस्मयाने भरलेला असूनही यजमान कोण, याबद्दल त्यांच्या मनात शंका नाही.

आता प्रेक्षकाकडे येऊ. अभिनवगुप्ताने निवडलेले उदाहरण शाकुंतलाच्या पहिल्या अंकातले आहे : दुष्यंताच्या रथापुढे पळणारे हरिण. ते मान वळवून पुनःपुन्हा मागे रथाकडे पाहते, बाण लागेल म्हणून शरीराचा मागचा भाग पुढच्या भागात ओढून घेते, दमून उघड्या पडलेल्या तोंडातून अर्धवट चावलेले दर्भ वाटेवर सांडतात, आणि उड्या इतक्या उंच की ते जमिनीवर थोडे आणि आकाशातच जास्त धावते. रथ आणि बाण हे विभाव, म्हणजे भाव जागवणारी कारणे. वळलेली मान, आखडलेले अंग हे अनुभाव, म्हणजे भाव बाहेर दाखवणाऱ्या खुणा. श्रम आणि त्रास (संस्कृत अर्थाने : दचकणे) हे व्यभिचारी. श्लोकात ‘भय’ हा शब्दही आहे, पण खरे काम वाटेवर सांडलेले दर्भ करतात.

हे भय कोणाचे? ‘मी घाबरलो’ असे वाटले तर प्रेक्षक सुटकेची वाट शोधेल. ‘ते हरिण घाबरले’ एवढेच वाटले तर ती बातमी झाली. ते हरिण शत्रूचे, मित्राचे की तिऱ्हाइताचे, यावर सुख, दुःख किंवा बेफिकिरी ठरेल. अभिनवगुप्ताच्या मते ‘माझे-त्याचे’, ‘इथे-तिथे’, ‘आत्ता-तेव्हा’ ही सगळी बंधने गळून केवळ भय थेट अनुभवाला येते आणि त्याचा आस्वाद म्हणजे भयानक रस. अभिनवगुप्ताच्या आधीच्या भट्टनायक या आचार्याने याला साधारणीकरण म्हटले होते. हे घडू न देणारी सात विघ्ने अभिनवगुप्त मोजतो. त्यांतले एक आपल्या रोजच्या ओळखीचे आहे : स्वतःच्याच सुखदुःखात बुडालेला प्रेक्षक. त्यावर तो उपायही सांगतो, गीत, वाद्य आणि सुशोभित रंगमंडप.

भरताच्या रससूत्रात विभाव, अनुभाव आणि व्यभिचारी यांच्या संयोगातून रसनिष्पत्ती सांगितली आहे. ‘स्थायी’ हा शब्दच त्यात नाही. तो का नाही, यावर टीकाकार शतकानुशतके वाद घालत आले.

मग लिहिताना काय करावे? ‘या नाटकाचा स्थायिभाव शोक आहे’ हे चोख, कारण इथे रचनेबद्दल बोलणे चालू आहे. ‘विस्मय हा त्यांच्या कवितेचा स्थायिभाव’ हेही उत्तम. माणसाबद्दलचा लाक्षणिक वापर आता इतका रुळला आहे की त्याला अशुद्ध ठरवणे मला योग्य वाटत नाही. मात्र मराठीत त्यासाठी जास्त नेमके शब्द आहेत. आळस ही ‘खोड’ असते, बंडखोरी हा ‘पिंड’ असतो, स्पष्टवक्तेपणा हा ‘बाणा’ असतो, आणि भ्रष्टाचार व्यवस्थेत ‘मुरलेला’ असतो. संघर्ष ही तर चित्तवृत्तीच नाही. तो तिच्या आयुष्याला ‘पुरून उरला’ किंवा ‘पाचवीला पुजलेला होता’ म्हणावे.

‘करुण हा या कथेचा स्थायिभाव’ ही चूक मात्र खरी आहे. करुण हा रस, त्याचा स्थायी शोक. तसेच बीभत्साचा जुगुप्सा आणि वीराचा उत्साह; ‘शौर्य’ नव्हे. ‘करुणा रस’ असेही लिहू नये. करुणा म्हणजे दया.

राहिला ऱ्हस्व-दीर्घाचा प्रश्न. मूळ शब्द ‘स्थायिन्’. असे इन्-अंती संस्कृत शब्द समासात आले की ऱ्हस्व राहतात : मंत्रिमंडळ, पक्षिमित्र, योगिराज. म्हणून ‘स्थायिभाव’ हे रूप शुद्ध. दोन शब्द सुटे लिहिले तर ‘स्थायी भाव’, दीर्घ. ‘व्यभिचारिभाव’ आणि ‘संचारिभाव’ यांनाही हाच नियम लागू.