एकाच तारखेला घडलेल्या ऐतिहासिक घटना: १८ जूनचे उदाहरण

एकाच तारखेला निरनिराळ्या वर्षी घडलेल्या मोठ्या घटना कोणत्या आणि त्यांच्यात काही नाते असते का, असे आपण विचारले आहे. मी ग्वाल्हेरच्या लष्कर भागात लहानाचा मोठा झालो, त्यामुळे माझ्यापुरते या प्रश्नाचे उत्तर १८ जूनपासून सुरू होते.

१८ जून १८५८ रोजी झाशीच्या राणी लक्ष्मीबाई ग्वाल्हेरजवळ लढताना धारातीर्थी पडल्या, हे आम्हाला शाळेत जाण्याआधीच ठाऊक होते. बाबा गंगादासांच्या मठात त्यांच्यावर अंत्यसंस्कार झाले आणि फूलबागेजवळ त्यांची समाधी आहे. तेथे दरवर्षी १७ आणि १८ जूनला बलिदान मेळा भरतो. मेळा दोन दिवसांचा असला, तरी माझ्या दृष्टीने त्या दोन तारखांमागे इतिहासातला एक खरा प्रश्न आहे. इंग्रजांच्या लष्करी नोंदींनुसार ग्वाल्हेरजवळच्या कोटा की सराय येथील घोडदळाचा हल्ला १७ जूनला झाला. आठव्या हुसार या ब्रिटिश घोडदळ रेजिमेंटमधील चौघांना त्याच दिवसाच्या कामगिरीसाठी व्हिक्टोरिया क्रॉस हे सर्वोच्च शौर्यपदक देण्यात आले. राणी याच चकमकीत पडल्या असे मानणारे अभ्यासक १७ जून लिहितात, तर आपल्याकडे १८ जून ही तारीख रूढ आहे. ज्या घटनेला अजून दोनशे वर्षेही झालेली नाहीत, जिचे साक्षीदार दोन्ही बाजूंना होते, तिच्या तारखेतही एका दिवसाचा फरक पडतो, हे मला फार महत्त्वाचे वाटते.

याच तारखेशी ग्वाल्हेरचे आणखी एक, बरेच जुने नाते आहे, आणि ते आमच्या शहरातही फारसे कुणी सांगत नाही. हळदीघाटीची लढाई १८ जून १५७६ रोजी झाली असे बहुतेक पुस्तकांत असते. काही जण २१ जून मानतात. त्या लढाईत महाराणा प्रतापांच्या बाजूने ग्वाल्हेरचे रामशाह तोमर आपल्या तीन पुत्रांसह कामी आले. गडावर मानमंदिर बांधणाऱ्या राजा मानसिंह तोमरांचे हे नातू. (अकबराच्या सैन्याचे नेतृत्व करणारा मानसिंह वेगळा, तो आमेरचा कछवाहा, नामसाम्यामुळे येथे नेहमी घोटाळा होतो.) ग्वाल्हेर हातचे गेल्यावर रामशाहांनी मेवाडचा आश्रय घेतला होता आणि ते ऋण त्यांनी रणांगणावर फेडले. हळदीघाटीजवळच्या खमणोर गावी, रक्ततलाई या रणभूमीवर तोमरांच्या स्मारक-छत्र्या आजही उभ्या आहेत.

मात्र १५७६ आणि १८५८ यांना एका ओळीत बसवताना एक अडचण येते. युरोपात ग्रेगोरियन दिनदर्शिका १५८२ साली आली. त्या वर्षी रोममध्ये ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर उजाडला. हळदीघाटीची तारीख त्याआधीची, म्हणजे तोवर युरोपात चालणाऱ्या जुन्या ज्युलियन गणनेची आहे. आजच्या गणनेने ती २८ जून होते. कागदावर एकच दिसणारे हे दोन दिवस सूर्याच्या हिशेबाने दहा दिवस दूर आहेत. इंग्लंडने तर हा बदल १७५२ साली स्वीकारला, त्यामुळे त्याआधीच्या इंग्रजी कागदपत्रांतील तारखा जुळवताना हीच काळजी घ्यावी लागते.

१८ जून १८१५ च्या वॉटर्लूबाबत असा प्रश्न नाही. तेथे नेपोलियनचा पराभव करणारा वेलिंग्टन म्हणजे आपल्याकडचा आर्थर वेलस्ली, ज्याने २३ सप्टेंबर १८०३ रोजी असईच्या लढाईत दौलतराव शिंदे आणि नागपूरकर भोसले यांच्या फौजांना हरवले होते. तारीख येथे योगायोगाने जुळली, पण माणूस मात्र खरोखरच ग्वाल्हेरच्या इतिहासातला आहे. वॉटर्लूला बरोबर १२५ वर्षे झाली त्या दिवशी, १८ जून १९४० रोजी, फ्रेंच सेनानी द गॉल यांनी लंडनच्या रेडिओवरून फ्रेंचांना लढत राहण्याचे आवाहन केले आणि त्याच दिवशी चर्चिल यांनी ब्रिटिश संसदेत आपले प्रसिद्ध भाषण केले. या दोन घटनांमागे एकच कारण होते, जर्मनीपुढे झालेली फ्रान्सची पडझड. म्हणून येथे एकाच दिवसाचे नाते खरे आहे.

१८ जून १९४६ रोजी डॉ. राममनोहर लोहिया यांनी मडगावात पोर्तुगीज सत्तेविरुद्ध सविनय कायदेभंगाची हाक दिली. गोव्यात हा क्रांतिदिन म्हणून पाळला जातो आणि पणजीतील एका मुख्य रस्त्याचे नावच १८ जून मार्ग आहे. १९८३ च्या याच तारखेला कपिल देव यांनी झिंबाब्वेविरुद्ध ५ बाद १७ अशा अवस्थेतून नाबाद १७५ धावा केल्या.

आमच्या आजी मात्र राणीसाहेबांचे स्मरण ज्येष्ठ शुद्ध सप्तमीला करीत. तिथीने मोजले तर तो दिवस कधी मे महिन्यातच येतो, कधी जूनचा मध्य उलटल्यावर, आणि तिथी व इंग्रजी तारीख पुन्हा जवळजवळ एकत्र येण्यास साधारण १९ वर्षे लागतात. तशी वर्षे आली की आमच्या घरी समईही त्याच सुमारास लागत असे, जेव्हा फूलबागेत मेळा भरलेला असे.