ती घटका कुणाची गेली?

प्रिय मुली,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या कादंबरीची वही वाचली, सोबतची चिठ्ठीही वाचली. "पळपात्र ठेवू की काढून टाकू?" असं विचारलंयस. लिहीत राहा वगैरे मी सांगणार नाही. जी मुलगी एवढी पानं लिहून मग अडते, तिला त्याची गरज नसते.

वेळ थांबवणारी ती वाटी, ते पळपात्र, काढू नकोस. सहाव्या प्रकरणात नियमांची जी यादी घातली आहेस, ती मात्र फाड. पौर्णिमेलाच चालतं, राजघराण्यातल्यालाच चालतं, दिवसातून एकदाच चालतं. हे नियम तुझ्या सोयीचे आहेत, आणि वाचकाला ते लगेच कळतं. नायिकेने भोकावर अंगठा धरला, वाटी बुडायची थांबली, गडाला वेढा घालणारं सैन्य घटकाभर गोठलं. ठीक. मला एवढंच सांग, ती घटका कुणाची गेली?

घटिकापात्र उचललंस हे उत्तम केलंस. तांब्याची वाटी, बुडाला बारीक भोक. घंगाळातल्या पाण्यावर सोडायची, भरून बुडाली की एक घटका, म्हणजे आपली २४ मिनिटं. अशा ६० घटकांचा दिवस. लग्नात जोशी तिच्यावर डोळा ठेवून बसायचा. गणिती भास्कराचार्यांच्या मुलीची, लीलावतीची, दंतकथा याच वाटीची: पोर कुतूहलाने वाकली, दागिन्यातला मोती पात्रात पडला, भोक बुजलं आणि मुहूर्त कुणाच्या लक्षात न येता टळला. ही गोष्ट भास्कराचार्यांची नाही. अकबराच्या दरबारातल्या फैजीने १५८७ साली त्यांच्या ग्रंथाचं फारसी भाषांतर केलं, त्यात ती येते. खरी असो नसो, रचणाऱ्याची समज पक्की होती. पात्र थांबलं, सूर्य थांबला नाही. ती घटका कुणाची गेली हे त्या गोष्टीत लख्ख दिसतं. एका मुलीची गेली.

तू म्हणशील, काका, ही फॅन्टसी आहे, इथे हिशेब कशाला? नाशिक जिल्ह्यातल्या बागलाणात चल माझ्याबरोबर. मोसम, आरम या नद्यांवर पाणी वाटायची जुनी फड पद्धत: बंधारा, त्यातून पाट, पाटावर पाणी सोडणारा पाटकरी, आणि पाणी पाळीपाळीने. अशा शिवारात वेळ म्हणजेच पाणी. आता तुझं पळपात्र तिथल्या एकाच्या हाती दे. त्याने आपली पाळी घटकाभर लांबवली. कुणाला दिसलं नाही, भांडण झालं नाही. पण पाटाच्या शेवटाला ज्याचा ऊस उभा आहे, त्याच्या सऱ्या कोरड्या राहिल्या आणि का राहिल्या हे त्याला कधीच कळणार नाही. वेढा-बिढा सोड, तुझी कादंबरी इथे आहे. असलं यंत्र खरंच असतं तर ते आधी सावकाराकडे गेलं असतं. गोठलेल्या घटकांचं व्याज तो लावणार की नाही? गोठलेल्या घटकेत मूल जन्मलं तर जोशी पत्रिका कशी मांडणार? राजकन्येच्या हाती ते सगळ्यात शेवटी पडेल.

आणि तुझ्या राज्यातले लोक त्याला 'दिव्य यंत्र' म्हणतात! कोण म्हणतं असं? नाशकात गोदेला पूर आला की टीव्हीवर क्युसेकचे आकडे येतात, पण आपण विचारतो, दुतोंड्या मारुतीला कुठवर पाणी लागलंय? पळपात्राचं असं माप तुझ्या भाजीवालीकडे हवं. तिला विचार.

गुरू सिंहेत गेला की लग्नं करू नयेत, असा जुना रिवाज. सिंहस्थात रामकुंडावरची गर्दी सगळ्यांनी लिहिली. त्या काळात ज्यांची लग्नं खोळंबली, त्या मुली कुणी लिहिल्या? जाऊ दे, हा माझा जुना राग आहे.

मीही एका दिवाळी अंकाला अशी कथा दिली होती. आजोबा नातवासाठी वेळ मागे नेतात, आणि तेवढंच आयुष्य शेजारच्या माणसाचं कमी होतं. संपादक म्हणाले, शेजारी काढा, सणासुदीला वाचकाला उदास कशाला करता? मी काढला नाही. कथा साभार परत आली. बरोबरीचे छापून येत गेले, मी कारकुनीत अडकलो आणि लिहिणं सुटलं ते सुटलंच. त्याची हळहळ आहे, नाही कशाला म्हणू? पण शेजारी काढून उरलं काय असतं? आजोबांचे लाड. तशा कथा तेव्हाही ढिगाने येत होत्या, त्यातली एकही आज कुणाला आठवत नाही. (माझीही नाही, हे तू म्हणायच्या आधी मीच म्हणतो.) तरी त्या शेजाऱ्याचं मी त्या अंकातल्या सगळ्यांपेक्षा जास्त ऐकलं, असं मला अजून वाटतं.

असो. तुझ्या वहीत एक जागा फार सुंदर आहे आणि तुला तिचा पत्ता नाही, म्हणून मी चिडलोय. अठराव्या प्रकरणात पळपात्र घासणारी एक दासी येते. वय कोवळं, केस मात्र पांढरे. एक ओळ लिहून तू पुढे पळालीस. का पांढरे झाले? ती घटका कुणाची गेली हे मी मघापासून विचारतोय, आणि उत्तर तूच लिहून ठेवलंयस! वेढ्याची घटका तिची गेली. आधीच्या कित्येक घटकाही तिच्याच गेल्या असणार. नायिकेला हे ठाऊक आहे का? असेल तर पुढच्या वेढ्यात ती अंगठा ठेवेल का?

ते प्रकरण दासीच्या बाजूने लिहून आण. शनिवारी संध्याकाळी मी सार्वजनिक वाचनालयात असतो. नकाशे आणि राजांच्या वंशावळी आणू नकोस, मी बघणार नाही.

तुझा,
काका