मिकी माऊसच्या आधी कार्टूनपटांत कोणतं पात्र गाजलं होतं?

बरेच जण फेलिक्स मांजराचं नाव सांगतील, पण तो आला १९१९ मध्ये. त्याच्याही आधी एक थापाड्या पडद्यावर होता. माझं उत्तर तोच: कर्नल हीझा लायर.

इंग्रजीत हे नाव भरभर म्हणून बघा, ‘ही इज अ लायर’ असंच ऐकू येतं. अमेरिकेत जॉन रँडॉल्फ ब्रे यांनी १९१३ मध्ये त्याला आणलं आणि पहिल्याच भागात थेट आफ्रिकेला धाडलं. माजी राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट १९०९ मध्ये तिकडे शिकारीला गेले होते, ते लोक विसरले नव्हते. त्यात बॅरन मुंचहाउझेन या गोष्टींतल्या थापाड्या जर्मन उमरावाच्या लोणकढी थापांची भर घातली की झाला कर्नल तयार! मूकपटात थाप ऐकू येत नाही, ती डोळ्यांसमोर घडावी लागते. त्यासाठी चित्राइतकं सोयीचं दुसरं काही नाही. (त्याच वर्षी आपल्याकडे फाळक्यांनी सत्यवचनी हरिश्चंद्राला पडद्यावर आणलं, हा योगायोग मला फार आवडतो.)

पण मला खरं कौतुक आहे ते ब्रे यांच्या कारखान्याचं. सेकंदाला सोळा चित्रं धरली तरी एका मिनिटाला ९६० होतात. मी एकदा हौसेने चाळीस कागदांवर चालणारा माणूस काढला, मागे एक झाड होतं. कागद फरफर उलटले तर माणूस बरा चालला, पण झाड थंडी भरल्यासारखं थरथरत होतं, कारण दर वेळी ते नव्याने काढलेलं. ब्रे यांनी मागचं दृश्य कागदांवर छापूनच घेतलं आणि पात्रापुरती जागा कोरी ठेवली. अर्ल हर्ड या दुसऱ्या कार्टूनकारांनी तर पात्र सेल्युलॉइडवर, म्हणजे प्लास्टिकसारख्या पारदर्शक पत्र्यावर काढून खाली एकच देखावा ठेवायची युक्ती शोधली. १९१४ मध्ये दोघांनी पेटंटं एकत्र केली. एकाच पात्राचे भागांमागून भाग काढणं परवडायला लागलं ते अशा युक्त्यांमुळे.

कर्नल मध्यंतरी बंद पडला, १९२२ मध्ये परतला आणि १९२४ पर्यंत टिकला. तेव्हा ब्रे यांच्याकडे काम करणारे वॉल्टर लँट्झ पुढे वुडी वुडपेकर या कार्टून सुतारपक्ष्यामुळे प्रसिद्ध झाले. आणि तुम्ही विचारलेला १९२८ चा मिकी? तोही सेल्युलॉइडवरच रंगवलेला.