वोडाबे, बोडाडो आणि म्बोरोरो

प्रश्न असा आहे: नायजरमधल्या भटक्या पशुपालकांबद्दल मराठीत लिहिताना 'वोदाबे' लिहावे की 'वोडाबे'? त्यांच्यातल्या एका माणसाला काय म्हणावे? आणि 'म्बोरोरो' हे याच लोकांचे दुसरे नाव आहे का?

आधी एकवचन, कारण सगळी गंमत तिथे आहे. वोडाबे हे फुलानी या पश्चिम आफ्रिकेतल्या मोठ्या पशुपालक समाजातले एक अंग. नायजर, चाड, नायजेरिया, कॅमेरून आणि मध्य आफ्रिकी प्रजासत्ताक एवढ्या पट्ट्यात ते गुरे घेऊन फिरतात. त्यांची भाषा फुलफुल्डे. मराठीत 'घोडा'चे 'घोडे' होताना शब्दाचे फक्त शेपूट बदलते, पण फुलफुल्डेत डोकेही बदलते. पुरुष म्हणजे 'गोर्को', अनेक पुरुष 'वोर्बे'. बाई 'डेब्बो', बायका 'रेव्बे'. एक फुलानी माणूस 'पुल्लो', अनेक असले की 'फुल्बे'. याच नियमाने एक जण 'बोडाडो' आणि समाज 'वोडाबे'. शेवटचा 'बे' हा माणसांच्या अनेकवचनाचा प्रत्यय आहे. म्हणून 'एक वोडाबे' हे त्यांच्या कानाला 'एक घोडे' म्हटल्यासारखे लागेल.

आता द की ड. मूळ उच्चार खरे तर दोन्ही नाही. हा ध्वनी काढताना हवा बाहेर फेकत नाहीत, किंचित आत ओढतात, आणि शेवटच्या 'बे'मधला ब सुद्धा तसाच. आपल्याकडे सिंधीत असे ध्वनी आहेत. देवनागरीतून सिंधी लिहिताना त्यांच्यासाठी खाली आडवी रेघ दिलेली ॾ आणि ॿ ही अक्षरे वापरतात. उल्हासनगरातल्या एखाद्या सिंधी आजींकडून हे ध्वनी ऐकावेत, मग अंदाज येतो. काटेकोर लिहायचे तर 'वोॾाॿे' जवळचे होईल. रोजच्या लेखनात मात्र मी 'वोडाबे'च लिहीन, कारण मराठी कानाला तो ध्वनी द पेक्षा ड च्या जवळ वाटतो.

नावाच्या अर्थाबद्दल मला आग्रहाने सांगायचे आहे. त्यातला 'वोडा' म्हणजे वर्ज्य गोष्ट, पाळायचे बंधन. मग कुणी सरळ 'निषिद्ध लोक' असे भाषांतर करून मोकळे होते. त्याने अर्थ पार उलटतो. या लोकांना कुणी वर्ज्य केलेले नाही; ते स्वतः विधिनिषेध पाळतात, आणि त्याच पाळण्यावरून स्वतःला ओळखतात. नवराबायकोने दिवसाढवळ्या एकमेकांचा हात धरायचा नाही, चारचौघांत खासगीतले बोलायचे नाही. पहिल्या दोन अपत्यांशी आईवडिलांनी थेट बोलायचे नाही. ती मुले बहुधा आजी-आजोबांच्या मायेत वाढतात. या आचाराचे दोन शब्द सतत भेटतात: 'सेम्तेंडे', म्हणजे लाज, मर्यादा, आणि 'मुन्याल', म्हणजे सोसण्याचे बळ, धीर.

हे समजले नाही तर गेरेवोल या त्यांच्या नाचाच्या उत्सवाचा अर्थही लागत नाही. गेरेवोल म्हटले की गेरूने चेहरा लाल केलेले, पांढरेशुभ्र दात आणि डोळे दाखवत ओळीने नाचणारे तरुण आठवतात, आणि त्यांच्यातला सर्वांत देखणा निवडणाऱ्या तरुणी. इतर वेळी मर्यादेने झाकलेल्या आकर्षणाला उघडपणे मिरवायची मुभा इथे असते. लग्नाचे शब्दही दोन आहेत. वडीलधाऱ्यांनी बालपणीच नात्यात ठरवलेले ते 'कोब्गल'. आपल्या पसंतीने, दुसऱ्या कुळातल्या जोडीदाराशी जुळलेले ते 'तेगल'. दोन्हींना समाजात जागा आहे. आणखी एक गल्लत सर्रास होते. नायजरमध्ये इन-गाल इथे पावसाळा सरताना भरणारा 'क्यूर साले' हा पशुपालकांचा मेळा म्हणजे गेरेवोल नव्हे. त्या फ्रेंच नावाचा अर्थ खारट उपचार. तिथल्या क्षारयुक्त पाण्यासाठी आणि चाऱ्यासाठी तुआरेग (सहारातला आणखी एक भटका पशुपालक समाज) आणि वोडाबे दोघेही गुरे घेऊन येतात.

राहिले 'म्बोरोरो'. हा समानार्थी शब्द नाही. नायजरमध्ये 'बोरोरो' हे इतरांनी दिलेले नाव आहे, आणि ते बरेचदा हिणवून घेतले जाते. लांब शिंगांच्या, तांबूस रंगाच्या, वशिंडवाल्या गुरांच्या जातीलाही तेच नाव आहे. कॅमेरूनमध्ये मात्र म्बोरोरो ही मोठी ओळख असून तिच्यात जाफुन, आकू आणि वोडाबे असे गट येतात, आणि तिथले लोक ते नाव अभिमानाने लावतात. चाडच्या पर्यावरण कार्यकर्त्या हिंदू ओमारू इब्राहिम स्वतःला म्बोरोरोच म्हणवतात. 2016 साली न्यूयॉर्कमध्ये पॅरिस करारावर सह्या झाल्या त्या समारंभात त्या बोलल्या होत्या. तेव्हा ज्यांच्याबद्दल लिहितो आहोत ते स्वतःला काय म्हणतात हे पाहूनच शब्द निवडावा. नायजरमधल्यांसाठी 'वोडाबे' लिहावे. नुसते 'बोरोरो' लिहू नये, कारण ब्राझीलमध्ये त्याच नावाचा, यांच्याशी काहीही संबंध नसलेला आदिवासी समाज आहे.

विभक्ती लावताना 'वोडाब्यांचा' न करता 'वोडाबेंचा' करावे, म्हणजे मूळ रूप ओळखू येते. फुलफुल्डेत स्त्री-पुरुष असा लिंगभेद नाही, त्यामुळे बाईही बोडाडोच. मराठीत क्रियापदाने काम भागते: बोडाडो आला, बोडाडो आली.