बारझानी आणि बर्झिंजी : दोन गावे, दोन आडनावे

इराकमधील कुर्द नेत्यांच्या बातम्या वाचताना ‘बारझानी’ हे आडनाव वारंवार आढळते, तर त्याच प्रदेशाच्या इतिहासात ‘बर्झिंजी’ असेही एक नाव येते. ही एकाच आडनावाची दोन रूपे आहेत का, आणि संस्कृतातील ‘बृहत्’शी त्यांचा संबंध जोडता येईल का, अशी पृच्छा एका वाचकाने केली आहे. पहिल्या प्रश्नाचे उत्तर ‘नाही’ असे आहे. दुसऱ्याचे उत्तर मात्र एका स्वरापाशी अडते आणि तेथेच खरी गंमत आहे.

दोन्ही आडनावे गावावरून आलेली आहेत. बारझान हे उत्तर इराकमध्ये मोठ्या झाब नदीच्या खोऱ्यातील डोंगराळ गाव असून तेथील नक्शबंदी या सूफी पंथाच्या शेखांच्या घराण्याला आणि त्यांच्याभोवती जमलेल्या टोळीसमूहाला ‘बारझानी’ म्हणू लागले. बर्झिंजा हे गाव सुलेमानिया प्रांतातले. तेथील सय्यदांचे घराणे ते ‘बर्झिंजी’. शेवटचा ‘ई’ हा संबंधदर्शक प्रत्यय आहे. अरबीत त्याला ‘निस्बा’ म्हणतात, फार्सीतही याच अर्थाचा ‘ई’ आहे आणि कुर्दीत तो इतका रुळलेला आहे की कुर्द लोक ज्या एर्बिल शहराला हवलेर म्हणतात, तेथला माणूस सहज ‘हवलेरी’ होतो. आपल्याकडे ‘कोल्हापुरी’, ‘वऱ्हाडी’ या शब्दांत असाच ‘ई’ दिसतो, पण गावावरून आडनाव करण्याचे काम मराठीने बहुतांशी ‘कर’कडे सोपवले आहे. त्यामुळे बारझानीचे मराठी रूपांतर करायचेच झाले, तर ते ‘बारझानकर’ असे होईल.

‘पैठणकर’ आडनावाचा मनुष्य पैठणला जन्मलेला असेलच असे नाही, तसेच येथेही आहे. कुर्द नेते मुस्तफा बारझानी (१९०३–१९७९) हे बारझानचेच. परंतु त्यांचे पुत्र मसूद यांचा जन्म १९४६ साली इराणमधील महाबाद येथे, तेथे अल्पकाळ टिकलेल्या कुर्द प्रजासत्ताकाच्या काळात झाला. शिवाय हे घराण्याइतकेच टोळीचेही नाव असल्याने प्रत्येक बारझानी या राजकीय कुटुंबाचा नातेवाईक नसतो. हे नाव सांगणाऱ्यांना त्याची किंमतही मोजावी लागली आहे : १९८३ साली इराकी राजवटीने छावण्यांत ठेवलेल्या हजारो बारझानी पुरुषांना आणि किशोरवयीन मुलांना उचलून नेले आणि त्यांतील बहुतेक परत आले नाहीत. तुर्कस्तानात १९३४च्या आडनाव कायद्यानंतर कुर्दांच्या वाट्याला तुर्की आडनावे आली, म्हणून तिकडील कुर्दांच्या आडनावावरून मूळ गाव शोधण्याचा हा मार्ग बहुधा चालत नाही.

आता ‘बृहत्’कडे वळू. कुर्दीत ‘बर्झ’ म्हणजे उंच. त्याचे मूळ प्राचीन इराणी भाषेत आहे आणि संस्कृत ‘बृहत्’ हा त्याच मुळाचा आपल्याकडील भाऊ आहे. संस्कृतात ‘ह’ असलेल्या जागी इराणी भाषांत ‘झ’ सापडणे हा योगायोग नव्हे, कारण संस्कृत ‘अहम्’ला कुर्दीच्या कुर्मांजी बोलीत ‘एझ’ असा शब्द आहे. इराणच्या अल्बोर्झ पर्वताच्या नावातही हाच उंचपणा दडलेला आहे. तेव्हा डोंगरातल्या बारझानचा अर्थ ‘उंचावरचे गाव’ असा करण्याचा मोह कोणालाही व्हावा. परंतु ‘बर्झ’मधील पहिला स्वर ऱ्हस्व आहे, आणि ‘बारझान’ लिहिताना तेथे अलिफ, म्हणजे दीर्घ ‘आ’, असतो. स्वराचा हा फरक समजावून दिल्याशिवाय ही व्युत्पत्ती मान्य करता येणार नाही. उलट ‘बर्झिंजा’त तो स्वर ऱ्हस्वच आहे, त्यामुळे ‘उंच’ या अर्थाचा दावा करायचाच असेल तर तो त्या गावाला अधिक शोभेल. मात्र उरलेल्या ‘इंजा’चा उलगडा झाल्याखेरीज मी तोही छातीठोकपणे करणार नाही. ग्रामनामांच्या बाबतीत कानाला गोड वाटणारा अर्थ हाच अनेकदा सर्वांत संशयास्पद असतो, याचा अनुभव आपल्या गावांच्या स्थलपुराणांतून प्रत्येकाने घेतलेला आहे.

याच स्वरभेदामुळे मराठीत लिहिताना ‘बर्झानी’ऐवजी ‘बारझानी’ आणि ‘बारझिंजी’ऐवजी ‘बर्झिंजी’ लिहावे, असे मला वाटते. मराठी ‘झ’ने येथील उच्चार पुरेसा साधतो.

बर्झिंजी घराण्यातील शेख महमूद यांनी १९१९ साली ब्रिटिशांविरुद्ध उठाव केला, तेव्हा त्यांना पकडून हिंदुस्थानात हद्दपार करण्यात आले होते. १९२२ साली परतल्यावर त्यांनी स्वतःला कुर्दिस्तानचा राजा घोषित केले. या नावाचा सर्वांत लांबचा प्रवास मात्र राजकारणातून झालेला नाही. अठराव्या शतकात मदिनेत राहणाऱ्या जाफर अल्-बर्झंजी (हे ‘बर्झिंजी’चे अरबी वळण) या विद्वानाने पैगंबरांच्या जन्मावर एक रचना केली. ती इंडोनेशिया-मलेशियात इतकी लोकप्रिय झाली की त्या पठणाच्या कार्यक्रमालाच तेथे ‘बर्झंजी’ म्हणतात. प्रत्ययासकट गावाचे नाव असे सामान्यनाम झाले, आणि तो शब्द वापरणाऱ्या बहुतेकांच्या मनात सुलेमानियाजवळचे ते गाव येतही नसावे.