एडिंबरोहून एका दिवसात हायलंड्स: जाण्याआधी एवढं वाच

स्कॉटलंडच्या या डोंगराळ भागात लॉक नेस तलावापर्यंत जाऊन रात्री परत यायचं म्हणतेस, तर बारा तास धर, त्यातला बराचसा वेळ बसमध्येच. पहिलीच खेप असेल तर मी ग्लेन्कोच्या दरीपर्यंतच जाईन. १६९२ मध्ये पाहुणे म्हणून राहिलेल्या सैनिकांनी इथे यजमान मॅकडोनल्ड कुळातल्या लोकांचीच कत्तल केली. गाइड ते सांगत असतो आणि काचेबाहेर ढग कड्यावरून सरकत खाली येत असतात. पावसाळ्यातला माळशेजच, फक्त भजी नाहीत!

बस लहान, सोळा-एक सीटांची बघ. डिसेंबरात चारच्या आत अंधार पडतो, म्हणून मे उत्तम. जूनपासून मिज नावाची चिलटं निघतात. वारा पडला की थवेच्या थवे. मी मलम हॉटेलवर विसरले आणि आठवडाभर कानामागे खाजवत बसले. छत्री नेऊ नकोस, वाऱ्यात उलटी होते. टोपीचा रेनकोट घे.

जेवणाच्या थांब्यावर रांगेतच वेळ जातो, तेव्हा धपाटे सोबत असू देत. आणि संध्याकाळी एडिंबरोत परतलीस की व्हेज हॅगिस माग: ओट्स, डाळी, वर मिरीचा झटका.